लोहयुगीन ब्रिटनमधलं गोल घर उभारायचं कसं

ब्रिटनमधल्या लोहयुगीन, म्हणजे साधारण इ.स.पू. ८०० ते इ.स. ४३ या काळातल्या, घराचं जमिनीत फारच थोडं उरतं. खांबांच्या खड्ड्यांचं एक कडं, दाराशी जरा मोठे दोन-चार खड्डे आणि मधोमध चुलीनं भाजून लाल झालेली माती. भिंत किती उंच होती, छपराला उतार किती होता, धूर कुठून जात होता, यातलं जमीन काहीच सांगत नाही. ते तीन गोष्टींवरून ठरवावं लागतं: पाणी, वजन आणि धूर. म्हणून हे घर प्रत्यक्ष बांधून बघण्याला पुरातत्त्वात मोल आहे. जे कोसळतं, गळतं किंवा पेटतं ते उत्तर चूक. जे टिकतं ते निदान शक्य होतं एवढं म्हणता येतं.

नावाचा घोळ आधी मिटवू. या घराला सर्रास ‘केल्टिक घर’ म्हणतात. पण ग्रीक-रोमन लेखकांनी ब्रिटनच्या लोकांना केल्ट म्हटलेलं आढळत नाही. ते नाव युरोपच्या मुख्य भूमीवरच्या लोकांचं. वेल्श, आयरिश, ब्रेटन या भाषांचं जुन्या गॉलच्या (आजच्या फ्रान्सच्या भागातल्या) भाषेशी नातं आहे हे १७०७ साली एडवर्ड लुइड यांनी दाखवलं आणि तिथून पुढे हा शब्द ब्रिटनला चिकटला. घराच्या बाबतीत फरक आणखी ठळक आहे. डॅन्यूबकाठच्या ह्यूनेबुर्ग किंवा मांखिंग इथल्या केल्टांची घरं चौकोनी होती. गोल घर हा ब्रिटन आणि आयर्लंडचा, शिवाय स्पेनच्या वायव्य कोपऱ्याचा प्रकार. ग्रीक भूगोलकार स्ट्राबोनं गॉलमधल्या मोठ्या, घुमटासारख्या, फळ्या आणि विणलेल्या फांद्यांच्या, वर जाड गवत घातलेल्या घरांचं वर्णन केलंय आणि सीझर म्हणतो की ब्रिटनमधली घरं गॉलसारखीच आहेत. दोघांवर विसंबून आराखडा काढू नका. आराखडा खड्ड्यांवरून काढायचा.

खड्डे वाचायची ही पद्धतही तशी अलीकडची. १९३८-३९ मध्ये जर्मन पुरातत्त्वज्ञ गेरहार्ड बेर्सू यांनी विल्टशरमधल्या लिटल वुडबरी इथं उत्खनन केलं. तोवर इंग्रज अभ्यासक समजत की लोहयुगातली माणसं जमिनीतल्या खोल खड्ड्यांत राहायची. बेर्सूंनी खांबांच्या खड्ड्यांची कडी जुळवून सुमारे १५ मीटर व्यासाचं घर दाखवून दिलं आणि ते खोल खड्डे धान्य साठवायचे होते हेही. मराठी वाचकाला हे चटकन पटेल, कारण ती पेवंच होती. सांगलीजवळच्या हरिपूरच्या हळदीच्या पेवांसारखीच कल्पना. तोंड चिकणमातीनं बंद केलं की कडेचं थोडं धान्य उगवू लागतं, आतला प्राणवायू संपवतं, आणि उरलेलं सगळं धान्य निपचित पडून राहतं.

इथं दिलेलं माप ६ मीटर व्यासाच्या, एकाच कड्याच्या घराचं आहे. हॅम्पशरमधल्या डेनबरीच्या टेकडीकिल्ल्यात या सुमाराची पुष्कळ घरं निघाली. ८ मीटरच्या पुढे गेलात की आत खांबांचं दुसरं कडं लागतं, आणि तो वेगळाच पसारा आहे. डॉर्सेटमधल्या पिम्पर्न डाउनच्या खड्ड्यांवरून पुरातत्त्वज्ञ पीटर रेनॉल्ड्स यांनी १९७६ साली हॅम्पशरमधल्या बट्सरच्या प्रायोगिक शेतावर जवळपास १३ मीटर व्यासाचं घर उभारलं, त्याला २०० हून जास्त झाडं लागली. पहिल्यांदा करणाऱ्यानं तिकडे वळू नये.

सामान

खांब: ओकचे १५. जाडी १२ ते १५ सेंमी, लांबी २.३ मीटर (६० सेंमी जमिनीत, १.७ मीटर वर), दाराचे दोन २.४ मीटरचे. साल सोलून घ्या. ओकचा गाभा टिकतो, बाहेरचं पांढरं लाकूड काही वर्षांत कुजतं, म्हणून कोवळ्या झाडाचा सडपातळ खांब दिसायला सरळ असला तरी घेऊ नका.

मेखा: खांबांच्या मध्ये ठोकायला ४२. जाडी ४ ते ५ सेंमी, लांबी २ मीटर, टोकदार.

फोक: हेझल या झुडपाचे, भिंत विणायला ५५० ते ६०० आणि छपराच्या कड्यांना आणखी १००. लांबी अडीच ते ३ मीटर, बुडाशी अंगठ्याएवढी जाडी. असे सरळ फोक जंगलात आपोआप मिळत नाहीत. हेझल बुडापासून छाटला की उसाच्या खोडव्यासारखे नवे धुमारे फुटतात, आणि ७ ते १० वर्षांनी ते या मापाला येतात. म्हणजे एका घरामागे दहा वर्षं राखलेलं रान उभं असतं. लोहयुगातल्या माणसांना रान राखता येत होतं याचा हा भक्कम पुरावा. फोक हिवाळ्यात, पानं गळल्यावर तोडा आणि दोन-तीन महिन्यांत वापरा. वाळलेला फोक वाकवला की कडकन मोडतो.

तुळईचं कडं: १० सेंमी जाडीचे ओकचे तुकडे, एकूण लांबी जोडांसकट २२ मीटर.

वासे: अ‍ॅश किंवा ओकचे २४. त्यातले ६ साडेपाच मीटरचे, ६ सव्वाचार मीटरचे आणि १२ तीन मीटरचे.

छपराचं गवत: ६० सेंमी घेराच्या सुमारे ५०० पेंढ्या. याचा हिशोब पुढे येतो.

लिंपणाची माती: सव्वादोन घनमीटर, म्हणजे साडेतीन ते चार टन. बहुतेक जण हा आकडा निम्म्यानं कमी धरतात आणि भिंत अर्ध्यावर अडते.

दोर: ताग, अंबाडी किंवा सायझलचा, बोटाएवढा जाड, ४०० मीटर तरी. कच्चं चामडं ओलं करून बांधलं तर वाळताना आवळतं आणि गाठ दगडासारखी होते. मात्र सतत दमट राहिलं तर ते सैलावतं आणि उंदीर ते खातात.

आखणी

जागा शक्यतो किंचित उताराची निवडा, तळाची नको. मधोमध खुंटी मारून ३ मीटरच्या दोरीनं वर्तुळ काढा. दोरी सुती नको, ती ताणते आणि वर्तुळाची दोन टोकं एकमेकांना भेटत नाहीत. घेर १८.८५ मीटर भरतो. दाराला १.३५ मीटर सोडले की १७.५ उरतात. त्याचे १४ भाग करा. दोन खांबांमधलं सरळ अंतर १.२४ मीटर येईल. तेवढ्या लांबीची काठी कापून तीच फिरवत नेली तर टेपची गरज नाही.

दार पूर्वेला किंवा आग्नेयेला. ब्रिटनमधल्या बहुसंख्य गोल घरांची दारं याच पट्ट्यात आहेत. उगवत्या सूर्याशी त्याचा संबंध जोडणारे अभ्यासक आहेत आणि तो वाद चालूच आहे. बांधणाऱ्यापुरतं कारण सोपं: तिथला जोराचा वारा आणि पाऊस नैऋत्येकडून येतो आणि चिमणी-खिडकी नसलेल्या घरात सकाळचा उजेड दारातूनच मिळतो.

खांब आणि तुळईचं कडं

खड्डे ३० सेंमी रुंद, ६० सेंमी खोल. दाराच्या दोन खांबांचे ७० सेंमी, कारण दाराची आदळआपट त्यांनाच सोसायची असते. उत्खननातही दाराचे खड्डे बहुधा सर्वांत मोठे निघतात. मुहूर्तमेढ म्हणून पहिला खांब दाराचाच रोवा, बाकीचं वर्तुळ त्याच्यावरून तपासता येतं. खांब उभा करून ओळंबा लावा, भोवती मुठीएवढे दगड ठासा आणि थराथरानं माती भरून पहारेच्या बोथट टोकानं कुटा. एकदम माती लोटून वरून तुडवली तर खाली पोकळी राहते आणि खांब हलतो. सिमेंट घालू नका. घर जुन्या पद्धतीचं दिसावं म्हणून एवढंच नव्हे, तर सिमेंटच्या कुंडीत पाणी साठून खांब जमिनीलगत लवकर कुजतो.

सगळ्या खांबांची डोकी एका पातळीत आणायची आहेत, जमीन कितीही उताराची असो. पारदर्शक नळीत पाणी भरून पातळी घ्या आणि मगच करवत लावा.

आता तुळईचं कडं. या घराचा जीव यात आहे. छप्पर शंकूसारखं आहे, त्याचं वजन वाशांतून खाली येताना भिंतीला बाहेर ढकलतं. कोरड्या गवताचे सुमारे २ टन, वासे आणि फोकांचा जवळपास एक टन, आणि पावसात भिजल्यावर त्याहून जास्त. हे ढकलणं पिंपाच्या लोखंडी पट्टीसारखं कुणीतरी आवळून धरायला हवं. ते काम हे कडं करतं. म्हणून तुकड्यांचा जोड नेहमी खांबाच्या डोक्यावरच घ्या, दोन खांबांच्या मध्ये कधीही नाही. टोकं ३० सेंमी एकमेकांवर तिरपी कापून बसवा, आरपार भोक पाडून ओकची खुंटी मारा, वरून दोर आवळा. खांबाच्या डोक्यावर अंगठ्याएवढा जाड दट्ट्या ठेवून तुळईला तसंच भोक पाडलं तर आणखी चांगलं. बेचकं असलेला खांब मिळाला तर भोकाची कटकटच नाही.

आणि कडं अखंड हवं. दारातून ताठ मानेनं जाता यावं म्हणून तिथं तुळई तोडून चौकट उंच करणारे पुष्कळ भेटतात. दोन-तीन हिवाळ्यांत दाराचे खांब बाहेर कलतात, वरचं छप्पर मध्ये खचतं. दाराची उंची १.७ मीटरच राहील. वाकून आत या.

विणकाम

मराठी माणसाला ही भिंत शिकवावी लागत नाही, कारण ती कुडाची भिंत आहे. फक्त कारवीऐवजी हेझल. दोन खांबांमध्ये ३ मेखा, ३० सेंमी जमिनीत ठोकायच्या. मग फोक एका मेखेच्या पुढून, दुसरीच्या मागून असा नेत विणत जायचं. पुढचा थर उलटा. प्रत्येक २०-२५ सेंमीनंतर लाकडी मोगरीनं विण खाली ठोकून घट्ट करा, एक थर सरासरी अडीच सेंमीचा पडला पाहिजे. फोकाचं बूड आतल्या बाजूला लपवा, बाहेर आलेली टोकं पुढे लिंपणाला तडे पाडतात.

दोन चुका हमखास होतात. पहिली, एकेक गाळा खालून वरपर्यंत पूर्ण करणं. अशानं मेखा एका बाजूला ओढल्या जातात आणि शेवटच्या गाळ्यात जागाच उरत नाही. पूर्ण घेराला एकसारखी पातळी राखत वर चढा. दुसरी, दारापाशी फोक नुसता कापून सोडणं. तो दाराच्या खांबाला वळसा घालून मागे फिरवायचा असतो. वळवण्याआधी त्या जागी फोकाला हातानं पीळ द्या, म्हणजे तंतू मोकळे होतात आणि तो मोडत नाही. सॉमरसेटमधल्या ग्लॅस्टनबरीच्या पाणथळ वस्तीत, आर्थर बुलीड यांनी १८९२ साली शोधलेल्या, दोन हजार वर्षांपूर्वीचे विणलेले कूड पाण्याखाली शाबूत सापडले. त्यांची विण आजच्या कुंपण विणणाऱ्यापेक्षा निराळी नाही.

कूड झाला की लिंपायला धावू नका. आधी छप्पर. ब्रिटनच्या पावसात उघड्या भिंतीवर चढवलेली शेणमाती आठवड्यात पायथ्याशी उतरते.

छपराचा सांगाडा

उतार ४५ अंशांचा. याहून कमी केलात तर पाणी गवतावरून घसरण्याऐवजी आत झिरपतं आणि गवत कुजतं. फार वाढवलात तर वासे लांबतात आणि वाऱ्याला भिडणारं अंग वाढतं. ४५ अंशांत हिशोबही सोपा: त्रिज्या ३ मीटर म्हणजे भिंतीवर शिखराची उंची ३ मीटर, जमिनीपासून ४.७. वळचण भिंतीबाहेर ६० सेंमी काढायची. मग वाशाची लांबी ३.६ गुणिले १.४१, म्हणजे ५.१ मीटर, आणि शिखराशी एकमेकांवर जायला ४० सेंमी जादा. छपराचं क्षेत्रफळ साधारण ५८ चौरस मीटर भरतं.

पहिले ३ लांब वासे जमिनीवरच शेंड्याशी दोरानं बांधा, तिवईसारखे पाय फाकवा आणि सहा-आठ जणांनी मिळून तुळईवर चढवा. बुडं तुळईवर टेकतील तिथं वाशाला आधीच खाच पाडलेली हवी, नाहीतर ते घसरतात. पुढचे ३ या तिवईत ठेवायचे. बस्स, शिखरापर्यंत एवढे ६च. चोवीसच्या चोवीस वासे टोकाला नेले तर तिथं लाकडांचा अर्धा मीटरचा गुंडा होतो, त्यावर गवत बसत नाही आणि घर कायमचं तिथंच गळतं. मधले ६ वासे शिखराच्या १ मीटर खाली फोकांच्या जाड कड्याला बांधून थांबवा. उरलेले १२ त्याच्याही खाली, वळचणीपासून ३ मीटरवरच्या दुसऱ्या कड्याला. अशानं भिंतीवर दोन वाशांत पाऊण मीटरचं अंतर पडतं. दारावर येणारा वासा तुळईपाशीच कापा, नाहीतर तो डोक्याला लागेल.

मधोमध खांब लावायचा मोह टाळा. शंकू स्वतःच्या आधारावर उभा राहतो, आणि चुलीच्या जागी खांब कोण ठेवील? लिटल वुडबरीत मध्यावर चौकोनात ४ खांबांचे खड्डे निघाले खरे, पण तो अपवाद आहे, घरही मोठं आहे.

आता वाशांवर आडवे फोक, २७ ते २८ सेंमी अंतरानं, वळचणीपासून वर १८ कडी. प्रत्येक कडं वाशाला बांधताना गाठ चुकवू नका. कंटाळा येतो, सुमारे ३०० गाठी भरतात, पण हीच कडी शंकूला घट्ट करतात. ती सैल राहिली की छपराला पीळ बसतो: सगळे वासे हळूहळू एकाच दिशेला कलतात, शिखर बाजूला सरकतं, आणि वर गवत चढल्यावर ते सरळ करता येत नाही. खबरदारी म्हणून आतून ३ ठिकाणी तिरपे फोक बांधा, एका वाशाच्या बुडापासून शेजारच्या तिसऱ्या वाशाच्या मध्यापर्यंत.

शाकारणी

आजचा गहू या कामाचा नाही. त्याचं ताट आखूड आहे आणि कापणी यंत्रातून ते चिरडून निघतं, चिरडलेली काडी पाणी शोषते. लोहयुगात एमर आणि स्पेल्ट हे उंच ताटांचे गहू होते. वेल्समधल्या सेंट फेगन्सच्या संग्रहालयानं ब्रिन एरिर इथली लोहयुगीन जोडघरं पुन्हा उभारताना स्पेल्टचाच पेंढा वापरला. तो मिळाला नाही तर पाणथळीत वाढणारं बोरूसारखं रीड घ्या. ३० सेंमी जाडीला एका चौरस मीटरमागे ८ ते ९ पेंढ्या लागतात, त्यावरून ५०० चा आकडा आला.

खालून वर जायचं. वळचणीचा पहिला थर दुप्पट जाड घ्या, म्हणजे पुढच्या पेंढ्यांना उठाव मिळतो आणि काड्या आवळल्या जातात. बूड खाली, शेंडा वर. एक माणूस बाहेर शिडीवर, दुसरा आत. लाकडी दाभणानं दोर आत घालायचा, आतल्यानं फोकाला वळसा देऊन बाहेर परत पाठवायचा. दोघांचं जमलं की काम झरझर होतं. पूर्ण घेर संपवूनच वर सरका. एकच बाजू शेंड्यापर्यंत नेली तर टनभर वजन एका अंगाला येऊन सांगाडा त्या बाजूला झुकतो.

वर जाताना घेर कमी होतो, म्हणून पेंढ्या पातळ करत न्या. शिखराला शेवटी उरलेले शेंडे एकत्र करून घट्ट बांधा आणि त्यावर गवताची टोपी चढवा किंवा मुळांसकट कापलेले हिरवळीचे तुकडे थापा. हीच जागा सर्वांत आधी गळते, टोपी दर दोन-तीन वर्षांनी बदलावी लागेल. केंब्रिजशरमधल्या मस्ट फार्म इथं, इ.स.पू. ८५० च्या सुमाराची, म्हणजे लोहयुगाच्या जरा आधीची, पाण्यावर खांबांवर उभी असलेली गोल घरं बांधल्यावर वर्षभरातच जळून नदीच्या गाळात पडली. त्यांच्या छपरांत पेंढ्याबरोबर हिरवळीचे तुकडे आणि चिकणमातीही होती, तेव्हा निव्वळ पेंढ्याचं छप्पर हाच एक खरा प्रकार असं मानायचं कारण नाही.

छपराला भोक ठेवू नका. चित्रांत शिखरावर धुराचं भोक हमखास दाखवतात आणि ते घातक आहे. भोक असलं की चूल भात्यासारखी ओढ घेते, ठिणग्या सरळ वर जातात आणि कोरड्या गवताला लागतात. भोक नसलं तर धूर शंकूत साठतो, तिथं प्राणवायू कमी पडून ठिणग्या विझतात, आणि धूर गवतातून सावकाश बाहेर झिरपतो. त्यात किडे राहत नाहीत, वर टांगलेलं मांस टिकतं. बसलेल्या माणसाच्या डोक्यावर धुराचा थर तरंगतो, म्हणून आत उभं राहून काम करायचं नसतं. चूल मध्यभागी, सुमारे १ मीटरची, चिकणमातीचा ओटा आणि कडेला दगड. लाकूड वाळलेलं, जाळ गुडघ्याच्या खाली. नव्या ओल्या छपरात पहिले काही आठवडे धूर अंगावर येतो, त्या काळात दार उघडं ठेवा आणि आत झोपू नका. विझवायचं पाणी हाताशी हवंच. लोकांना आत नेणार असाल तर स्थानिक बांधकाम परवाना आणि अग्निसुरक्षेची तपासणी आधी.

लिंपण

वरची काळी माती नको, तिच्यातला पाला कुजतो. अर्धा मीटर खालची चिकण घ्या. काचेच्या बाटलीत एक तृतीयांश माती, बाकी पाणी, चिमूटभर मीठ घालून हलवा आणि एक दिवस ठेवा. तळाशी वाळू, मध्ये गाळ, वर चिकण असे थर दिसतील. चिकण पाव भागाच्या आसपास असली की ठीक. जास्त असेल तर वाळताना भिंत भेगाळते, वाळू मिसळा. कमी असेल तर वाळल्यावर हाताला पीठ येतं.

५ घमेली माती, लागल्यास १-२ घमेली वाळू, १ घमेलं ताजं शेण आणि बोटभर लांबीला कापलेला पेंढा, दोन कवटाळे. पायांनी तुडवा, एक रात्र मुरू द्या. लाडू वळून कमरेएवढ्या उंचीवरून टाकला तर चपटा व्हावा, फुटू नये आणि सांडूही नये. दोन माणसं समोरासमोर, भिंतीच्या दोन्ही अंगांनी एकाच वेळी गोळे दाबतात, म्हणजे ती माती विणीतून एकमेकींत अडकते. एकाच बाजूनं थापलेली माती पापुद्र्यासारखी सुटते. भेगा पडणारच. दोन-तीन आठवड्यांनी पातळ दुसरा हात द्या. हे सगळं वसंत ते ऑगस्ट या काळात उरका, ओल्या लिंपणात थंडीचं पाणी गोठलं की सगळी भिंत भुसभुशीत होते. जळालेल्या घरांमध्ये हे लिंपण विटेसारखं भाजून टिकतं, आणि त्यावर उमटलेल्या फोकांच्या खुणांवरूनच भिंतीची विण आज कळते.

भिंत रंगवायची हौस असेल तर एक सांभाळा. गुंतागुंतीच्या गाठींची जी नक्षी ‘केल्टिक’ म्हणून विकली जाते ती मध्ययुगीन ख्रिस्ती हस्तलिखितांच्या काळातली आहे, या घराच्या कित्येक शतकं नंतरची. लोहयुगाची नक्षी ला टेन शैलीची: कंपासनं काढलेल्या कमानी, एकमेकींत वळणाऱ्या वेली, तुतारीच्या तोंडासारखे फुगे. रंगवलेल्या भिंतीचा पुरावा तुटपुंजा असल्यानं कोरी भिंत जास्त प्रामाणिक.

दार, पडवी, चर

वळचण जमिनीपासून १.१ मीटरवर येते, म्हणून दारापुढे ती कापून छोटी पडवी लागते: भिंतीबाहेर १ मीटरवर २ खांब, वर दुपाखी छप्पर. पडवी आणि शंकू यांच्या सांध्यात पाणी तुंबतं, तिथं गवताची जाडी दीडपट करा.

पागोळ्यांनी घराभोवती आपोआप चर पडतो असं पूर्वी समजत. बट्सरच्या घरांभोवती तसं झालं नाही, वळचणीखाली गवत-तण माजलं आणि त्यानं माती धरून ठेवली. उत्खननात निघणारे गोल चर म्हणजे बहुतेकदा मुद्दाम खणलेले. तुम्हीही उताराच्या वरच्या अंगाला अर्धगोल चर खणून पाणी बाजूला काढा, ३० सेंमी खोल पुरे.

आतला संसार थोडका. दारातून उजेड पडेल तिथं उभा माग आणि धान्य दळायला जातं. फिरतं जातं ब्रिटनमध्ये इ.स.पू. ४०० च्या सुमारास आलं. त्याआधीचं घर दाखवायचं असेल तर पाट्यासारखा दगड ठेवा, जातं नको.

पुढची काळजी

चूल रोज पेटवा. बंद पडलेलं घर चूल पेटती असलेल्या घराएवढं टिकत नाही: धूर थांबला की छपरात ओल, बुरशी आणि उंदीर शिरतात. शेवाळ हातानं काढा, दाताळ्यानं ओरबाडलंत तर चांगल्या काड्याही निघतात. लिंपणाच्या पायथ्याचे पोपडे दर वसंतात बुजवा.

खांब जमिनीत कुजले म्हणून लगेच बदलायला घेऊ नका. पिम्पर्नचं घर १९९० मध्ये मुद्दाम उतरवलं, तेव्हा काही खांबांचा जमिनीतला भाग कुजून गेलेला आढळला, आणि तरी घर ताठ उभं होतं. तोवर तुळईचं कडं, विणलेला कूड आणि छप्पर मिळून एकच टोपली झालेली असते. ती खांबावर नव्हे, स्वतःवर उभी राहते. याचा दुसरा धागा उत्खननाकडे जातो. पोकळ झालेल्या खड्ड्यात घर नांदतं असतानाच मणी, हाडं, खापरं पडत राहतात, म्हणून खड्ड्यात सापडलेलं खापर घर बांधलं त्या दिवसाचं असेलच असं नाही. पुणे जिल्ह्यातल्या इनामगावला उत्तर जोर्वे (जोर्वे संस्कृतीच्या शेवटच्या) काळातल्या, इ.स.पू. १००० ते ७०० च्या गोल झोपड्यांचे खड्डे वाचतानाही हीच सावधगिरी लागते.

तेव्हा आपलं घर उतरवायची वेळ आली की ते जाळू नका आणि यंत्रानं पाडू नका. बांधतानाच प्रत्येक खड्ड्याला क्रमांक देऊन त्याची खोली, खांबाची जाडी आणि लाकडाची जात लिहून ठेवा. उतरवताना प्रत्येक खड्डा अर्धा कापून उभा छेद काढा, खांबाची काळपट माती आणि भोवतीची दगडमाती वेगळी दिसते का बघा, फोटो घ्या, आणि मगच उरलेला अर्धा रिकामा करा.